स्पर्धा ठेवा, किताब काढा

गेल्या पावसाळ्यात दहा वर्षांच्या भाचीला घेऊन एका जिल्हास्तरीय बुद्धिबळ स्पर्धेला गेलो होतो. शाळेचा हॉल, रांगेने लावलेली बाकं, गुंडाळून नेता येतात ते रेक्झिनचे पट, आणि दर फेरीआधी भिंतीवर डकवलेल्या जोड्यांच्या कागदाभोवती पालकांची झुंबड. सात फेऱ्यांची स्विस लीग होती, म्हणजे कुणी बाद होत नाही, दर फेरीत साधारण सारख्या गुणांच्या दोघांची जोडी लागते. भाचीचे चार गुण झाले आणि बक्षीस समारंभात 'उत्कृष्ट मुलगी' म्हणून तिच्या कमरेइतका उंच करंडक तिच्या हातात आला. तिला हरवलेला, पाच गुण मिळवलेला एक मुलगा मात्र नुसत्या प्रमाणपत्रावर घरी चालला होता. त्याचे वडील माझ्या शेजारीच उभे होते. ते म्हणाले, "हा काय कुस्तीचा आखाडा आहे का? डोक्याचा खेळ. मग मुलींना वेगळं बक्षीस कशाला?"

मला तिथे उत्तर देता आलं नाही. परतीच्या एसटीत भाची करंडक मांडीवर घेऊन बसली होती. निम्मा रस्ता झाल्यावर म्हणाली, "मामा, आम्ही मुली होतो तरी किती? पाच." तिने मोजलं होतं.

त्या गृहस्थांचा प्रश्न आणि भाचीचा हिशेब, दोन्ही तेव्हापासून डोक्यात आहेत. दिव्या देशमुखने २०२५च्या जुलैमध्ये महिलांचा विश्वचषक जिंकला, नागपुरात तिच्या स्वागताला गर्दी लोटली, राज्य सरकारने तीन कोटी रुपये दिले, आणि त्याच आठवड्यात तोच प्रश्न जरा कुजबुजीच्या आवाजात पुन्हा ऐकू आला: "पण महिलांचाच ना?" कुजबुजणाऱ्यांना सरसकट खवट म्हणून मोकळं होता येतं. मला ते पटत नाही. त्यांचा प्रश्न अर्धा बरोबर आहे, आणि तो अर्धा भाग कोणता, एवढंच मला इथे सांगायचं आहे. बायकांच्या स्पर्धा राहायला हव्यात, त्यांची बक्षिसं वाढायला हवीत. बायकांचे वेगळे किताब मात्र बंद व्हायला हवेत.

किताबांची उतरंड खेळाबाहेरच्या माणसाला सहसा माहीत नसते, म्हणून आधी ती सांगतो. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे, म्हणजे फिडेचे, चार किताब कुणालाही मिळवता येतात: कँडिडेट मास्टर, फिडे मास्टर, इंटरनॅशनल मास्टर आणि ग्रँडमास्टर. त्यांना मानांकन, म्हणजे निकालांवरून ठरणारा खेळाडूच्या ताकदीचा आकडा, लागतं अनुक्रमे २२००, २३००, २४०० आणि २५००. वरच्या दोन्हींसाठी ठरावीक दर्जाच्या स्पर्धांतली कामगिरी, म्हणजे नॉर्म, हेही लागतात. या उतरंडीशेजारी बायकांची दुसरी उतरंड आहे. तेच चार शब्द, त्यांच्यापुढे 'महिला', आणि प्रत्येक पायरी बरोबर २०० गुणांनी खाली. महिला ग्रँडमास्टर व्हायला २३०० पुरतात, म्हणजे फिडे मास्टरला लागतात तेवढेच.

याची गंमत दिव्याच्याच बाबतीत पाहा. ती २०२१मध्ये महिला ग्रँडमास्टर झाली, २०२३मध्ये इंटरनॅशनल मास्टर झाली आणि २०२५मध्ये ग्रँडमास्टर झाली. वर्तमानपत्र वाचणाऱ्या माणसाला यातून काय कळणार? पोरगी ग्रँडमास्टर झाली, मग पायउतार होऊन इंटरनॅशनल मास्टर झाली, आणि मग पुन्हा ग्रँडमास्टर झाली. प्रत्यक्षात ती तिन्ही वेळा चढतच होती. पण 'महिला ग्रँडमास्टर' हा शब्दच असा घडवला आहे की तो ऐकणाऱ्याला फसवतो आणि मिळवणारीला कमी लेखतो. ज्या कारखान्यात बायकांच्या फोरमनपदाला पुरुषांच्या फिटरइतकीच परीक्षा असेल, तिथे त्या फोरमनबाईंना कोण किती मानेल, हे सांगायला नको.

हे किताब आले कुठून, याची गोष्ट मोठी आहे आणि तिचा एक धागा थेट मुंबईपर्यंत येतो.

१९२७मध्ये लंडनला महिलांची पहिली जगज्जेतेपद स्पर्धा झाली आणि ती व्हेरा मेंचिकने जिंकली. मॉस्कोत जन्मलेली, इंग्लंडमध्ये स्थायिक झालेली ही बाई पुढे मरेपर्यंत जगज्जेती राहिली. १९४४च्या जूनमध्ये लंडनवर पडलेल्या जर्मन उडत्या बॉम्बने ती गेली. पण तिची आठवण त्या जेतेपदामुळे कमी आणि एका थट्टेमुळे जास्त राहिली. १९२९मध्ये कार्ल्सबादच्या स्पर्धेत तिला पुरुषांच्या बरोबरीने खेळायला बोलावलं, तेव्हा अल्बर्ट बेकर नावाचा व्हिएन्नाचा मास्टर म्हणाला की, हिच्याकडून जो हरेल त्याला आपण 'व्हेरा मेंचिक क्लब'चा सभासद करून घेऊ. पहिला सभासद तो स्वतःच झाला. मेंचिक त्या स्पर्धेत तळाला गेली, हेही सांगायला हवं. पण क्लबची सभासदसंख्या पुढची पंधरा वर्षं वाढत राहिली.

त्या यादीतली दोन नावं आपल्या कामाची आहेत. एक मीर सुलतान खान. पंजाबातल्या सर उमर हयात खानांच्या पदरी नोकर असलेला हा माणूस १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीनदा ब्रिटनची राष्ट्रीय स्पर्धा जिंकला, आणि त्याच घरातल्या फातिमा नावाच्या मोलकरणीने १९३३मध्ये ब्रिटनची महिला स्पर्धा जिंकली. सुलतान खानला फिडेने २०२४मध्ये, मरणोत्तर, मानद ग्रँडमास्टर केलं. फातिमाबद्दल कुठे काही ऐकलंत? मीही फारसं नाही. दुसरं नाव डॉ. मॅक्स यूवे. हॉलंडचे गणिताचे शिक्षक, हेस्टिंग्जला लागोपाठ दोन वर्षं मेंचिककडून हरले आणि तरीही १९३५मध्ये अलेखिनला हरवून जगज्जेते झाले. १९७० ते १९७८ ते फिडेचे अध्यक्ष होते.

आता मुंबई. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४मध्ये भारतात महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली ती वासंतीने जिंकली, आणि तिथून पुढे जवळजवळ दशकभर हे विजेतेपद या एकाच घरात फिरत राहिलं. रोहिणी तेराव्या वर्षी राष्ट्रीय महिला विजेती झाली, नंतर एकूण पाच वेळा झाली, १९८१ आणि १९८३मध्ये आशियाई विजेतीही झाली. पण मला तिचं १९७६ सालचं धाडस या सगळ्यांहून मोठं वाटतं. त्या वर्षी ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला उतरली. एकच गदारोळ झाला. तेरा वर्षांची, फ्रॉकमधून नुकतीच बाहेर पडलेली मुलगी समोर बसणार म्हणून मोठ्या माणसांचं काय बिघडणार होतं कोण जाणे. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि निकाल तिच्या बाजूने लागला. फिडेपर्यंतही गेलं, आणि अध्यक्ष यूवे यांनी स्पष्ट केलं की, राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत भाग घ्यायला बायकांना मज्जाव करता येणार नाही. तो निर्णय देताना यूवेंना हेस्टिंग्जचे ते दोन पराभव आठवले असतील का? मला वाटतं, आठवले असणार. व्हेरा मेंचिक क्लबच्या सभासदाला बाईच्या कुवतीबद्दल वेगळा पुरावा लागत नाही.

पण याच १९७६ सालात फिडेने आणखी एक गोष्ट केली. 'महिला ग्रँडमास्टर' हा नवा किताब सुरू केला. एकीकडे मोठ्या दाराची कडी काढली आणि दुसरीकडे शेजारी एक बुटकं दार बसवलं. गेल्या पन्नास वर्षांत कोणत्या दाराने जास्त वर्दळ झाली, हे वेगळं सांगायला नको.

महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर या दाराचा परिणाम डोळ्यांत भरण्यासारखा आहे. खाडिलकर भगिनींनंतर भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले आल्या, दोघींनी पाच-पाच वेळा राष्ट्रीय महिला विजेतेपद मिळवलं, दोघींना पद्मश्री मिळाली. पुण्याची सौम्या स्वामिनाथन २००९मध्ये मुलींची ज्युनियर जगज्जेती झाली. सांगलीची स्वाती घाटे, पुण्याची ईशा करवडे, शेजारच्या गोव्याची भक्ती कुलकर्णी, अशी नावं सांगत गेलो तर परिच्छेद पुरणार नाही. बायकांच्या बुद्धिबळात मराठी मुलुख कायम पुढे होता. आणि तरी पहिली मराठी स्त्री ग्रँडमास्टर व्हायला २०२५ उजाडावं लागलं. १९७४ ते २०२५. एक्कावन्न वर्षं.

इथे मला स्वतःलाच टोकायला हवं. सत्तरच्या दशकात भारतात पुरुषही कुणी ग्रँडमास्टर नव्हता. आनंद पहिला, तो १९८८मध्ये. महाराष्ट्राचे प्रवीण ठिपसे झाले १९९७मध्ये. परदेशी स्पर्धांना जायला पैसा नव्हता, पुस्तकं मिळत नव्हती. तेव्हा खाडिलकर भगिनींना ग्रँडमास्टर होता आलं नाही याचं खापर बायकांच्या किताबावर फोडणं अन्यायाचं होईल. पण १९९७नंतर? ठिपसेंनंतर महाराष्ट्रातून अभिजित कुंटे झाले, मग नाशिकचा विदित गुजराथी, आणि त्याच्या मागेपुढे पोरांची रांग लागली. ती रांग आणि मुलींची रांग यांत एवढं अंतर का पडलं, याचं उत्तर केवळ पैशात सापडत नाही.

ते थोडंफार मानांकनाच्या गणितात सापडतं. मानांकन भराभर वाढतं ते तुमच्यापेक्षा वरच्याला हरवून. पाच-पन्नास मुली आपसातच वर्षानुवर्षं खेळत राहिल्या तर त्यांचे गुण त्यांच्यातच फिरत राहतात, भिशीच्या पैशांसारखे. आज हिला लागली, पुढच्या महिन्यात तिला. एकूण रक्कम तेवढीच. बाहेरून नवा पैसा यायचा तर भिशीबाहेरच्या माणसाशी व्यवहार करावा लागतो. फिडेला हे समजत नव्हतं असं नाही. १९८६च्या अखेरीला फिडेने खेळणाऱ्या सगळ्या बायकांना एकदम १०० गुण बहाल केले, कारण त्या आपसात खेळतात म्हणून त्यांचं मानांकन खरं त्याहून कमी दिसतं, असा तर्क होता. फक्त एका बाईला ते दिले नाहीत: हंगेरीची सुझान पोल्गार. का, तर ती पुरुषांशीच खेळायची, तेव्हा तिचं मानांकन आधीच खरं आहे. परिणाम असा झाला की १९८७च्या जानेवारीत ती यादीतल्या पहिल्या क्रमांकावरून खाली आली. जिने अवघड रस्ता धरला तिला त्याचीच शिक्षा. सरकारी खात्यात काम केलेल्या कुणालाही हे ओळखीचं वाटेल.

पोल्गार घराण्याची गोष्ट पुष्कळांना माहीत आहे, म्हणून त्यातलं मला हवं तेवढंच घेतो. वडील लास्लो यांनी तिघी मुलींना घरीच शिकवलं आणि पुरुषांशी खेळवलं. धाकटी ज्युडिट १९९१च्या डिसेंबरात, पंधरा वर्षं चार महिन्यांची असताना ग्रँडमास्टर झाली आणि तिने तीस वर्षांहून जुना बॉबी फिशरचा विक्रम मोडला. तो विक्रम मुलींचा नव्हता, सगळ्यांचा होता. १९८८ आणि १९९०मध्ये हंगेरीच्या महिला संघातून बुद्धिबळ ऑलिंपियाडचं, म्हणजे देशोदेशींच्या संघांच्या स्पर्धेचं, सुवर्ण मिळवल्यावर तिने महिला संघ सोडला आणि पुढे हंगेरीच्या खुल्या संघातून खेळली. महिलांच्या जगज्जेतेपदासाठी ती एकदाही खेळली नाही. १९९४मध्ये स्पेनमधल्या लिनारेसला जगज्जेत्या कास्पारोव्हने हात सोडलेला घोडा नियम मोडून परत उचलून दुसरीकडे ठेवला, कॅमेऱ्यात ते दिसलं, सतरा वर्षांची ज्युडिट गप्प राहिली आणि डाव हरली. २००२मध्ये मॉस्कोत जलद डावात तिने त्याला हरवलं. २००५मध्ये तिचं मानांकन २७३५ होतं, आणि जगातल्या आठ जणांच्या जगज्जेतेपद स्पर्धेत ती खेळली. तिथे ती शेवटून पहिली आली. शेवटून पहिली येण्यासाठीही त्या आठांत असावं लागतं.

यावर हमखास येणारं उत्तर असं की, सगळ्या घरात लास्लो पोल्गार नसतो. कबूल. असूही नये, असं मला वाटतं. मुलींवर प्रयोग करणारा बाप गोष्टीत बरा. पण ज्युडिटच्या गोष्टीतून निघणारी साधी गोष्ट घराघरात करता येते. तिला कुणी बुटकं दार दाखवलंच नाही.

आपल्याकडे कोनेरू हंपीचंही काहीसं असंच झालं. १९९९मध्ये अहमदाबादला आशियाई स्पर्धेत ती बारा वर्षांखालच्या मुलांच्या गटात खेळली आणि जिंकली. तीनच वर्षांनी ती ग्रँडमास्टर झाली, आणि स्त्रियांमधला ज्युडिटचा लहान वयाचा विक्रम तिने मागे टाकला.

आता जरा नाजूक तुलना करतो. दिव्याचा जन्म डिसेंबर २००५चा, गुकेशचा मे २००६चा. सहा महिन्यांचा फरक. दिव्या २०१४मध्ये डर्बनला दहा वर्षांखालच्या मुलींची जगज्जेती झाली, २०१७मध्ये ब्राझीलमध्ये बारा वर्षांखालच्या मुलींची. गुकेश बारा वर्षांखालच्या खुल्या गटात २०१८मध्ये जगज्जेता झाला, म्हणजे तिच्या वर्षभर नंतर. आठ-दहा-बारा वर्षांच्या वयात ही नागपूरची मुलगी काही कमी नव्हती. मग गुकेश २०१९च्या जानेवारीत, बारा वर्षं सात महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला, २०२४च्या डिसेंबरात सिंगापूरला अठराव्या वर्षी जगज्जेता झाला. दिव्या ग्रँडमास्टर झाली एकोणिसाव्या वर्षी. मधल्या सहा-सात वर्षांत गुकेशच्या समोर सोन्याचा दुसरा कुठला सोपा हंडा नव्हता. मुलींच्या समोर दर वर्षी असतो: मुलींचं राष्ट्रीय, मुलींचं आशियाई, मुलींचं जागतिक. प्रत्येक ठिकाणी पदक, सत्कार, पेपरात फोटो. कोणता पालक, कोणती संघटना तो सोडून पोरीला खुल्या गटात विसावं यायला पाठवेल? मीही पाठवलं नसतं. दोष तिचा नाही, तिच्या घरच्यांचा तर नाहीच. आपण बक्षिसं अशी मांडून ठेवली आहेत की शहाणा माणूस बुटक्या दारानेच जाईल.

यावर कुणी म्हणेल, मुळात बायकांमध्ये वरच्या दर्जाच्या खेळाडू कमी, तर त्याला स्पर्धेची रचना काय करणार? हा युक्तिवाद मला आकड्यांच्या दृष्टीने कच्चा वाटतो. मानांकन असलेल्या दहा खेळाडूंमागे स्त्री एखादीच. एका तालुक्यातली हजार पोरं तालमीत जात असतील आणि शेजारच्या तालुक्यातली शंभर, तर जिल्हा केसरी बहुधा पहिल्या तालुक्यातला निघणार. त्यावरून दुसऱ्या तालुक्याच्या मातीत कस नाही असं कुणी म्हणत नाही. आधी तिथे तालीम बांधा, म्हणतात.

आणि म्हणूनच स्पर्धा बंद करा म्हणणाऱ्यांशी माझं भांडण आहे. महिलांच्या स्पर्धा ही ती तालीम आहे. जॉर्जिया हा देश पाहा. लोकसंख्या आपल्या मुंबईहूनही कितीतरी कमी. तिथल्या नोना गाप्रिंदाश्विली १९६२ ते १९७८ महिलांच्या जगज्जेत्या होत्या. त्यांच्याकडून जेतेपद घेतलं तेही जॉर्जियाच्याच माया चिबुर्दानिड्झेने, आणि १९९१पर्यंत राखलं. तिथे मुलीच्या रुखवतात बुद्धिबळाचा संच देण्याची रीत होती म्हणतात. त्या देशाने चार वेळा महिला ऑलिंपियाड जिंकलं. महिला स्पर्धेने घराघरात पट पोचवला, हे तिथे दिसतं. नोनाबाई स्वतः मात्र त्या स्पर्धेत अडकून बसल्या नाहीत. १९७७मध्ये कॅलिफोर्नियातल्या लोन पाइनला पुरुषांबरोबर खेळून त्या संयुक्त पहिल्या आल्या आणि पुढच्या वर्षी ग्रँडमास्टर झालेल्या जगातल्या पहिल्या स्त्री ठरल्या. 'महिला' न लावता. अलीकडे एका गाजलेल्या वेबमालिकेत त्यांच्याबद्दल, ही कधी पुरुषांशी खेळली नाही, असं एक वाक्य आलं, तेव्हा ऐंशी वर्षांच्या या बाईंनी थेट अमेरिकेत दावा ठोकला आणि प्रकरण तडजोडीने मिटलं. त्यांना तो अपमान का वाटला, हे समजलं तर मी काय म्हणतोय तेही समजेल. त्यांची महिला जेतेपदं कुणी नाकारली नव्हती. नाकारलं होतं ते बाहेरचं खेळणं.

दिव्याने विश्वचषक जिंकला तो जॉर्जियातच, बाटुमीला. झू जिनर, द्रोणावल्ली हरिका, तान झोंगयी यांना बाजूला सारून ती अंतिम फेरीत गेली, आणि तिथे तिच्या दुप्पट वयाच्या हंपीला टायब्रेकमध्ये हरवलं. पंधरावं मानांकन घेऊन गेलेल्या मुलीने हे केलं. एकही नॉर्म हातात नसताना या विजयाने ती ग्रँडमास्टर झाली, म्हणून 'शॉर्टकट' असंही बोललं गेलं. ते चूक आहे. ज्युनियर जगज्जेतेपदासारख्या खुल्या स्पर्धा जिंकणाऱ्यालाही ग्रँडमास्टर किताब असाच थेट मिळतो. मुलाला मिळाला की पराक्रम आणि मुलीला मिळाला की पळवाट, हा न्याय नव्हे.

पैशाचं बोलायला हवं, कारण खेळाडू पैशावर जगतो. २०२३च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात आइल ऑफ मॅनला ग्रँड स्विस स्पर्धा झाली. एकाच वेळी, एकाच ठिकाणी खुला गट विदित गुजराथीने जिंकला आणि महिला गट चेन्नईच्या वैशालीने. आपल्यासाठी दुहेरी आनंद. विदितचं पहिलं बक्षीस ८०,००० डॉलर, वैशालीचं २५,०००. प्रायोजक देईल तेवढंच मिळणार, हे मला कळतं. पण जी रक्कम महिला गटात आहे तीही नसती तर वैशालीसारख्या मुलींनी प्रवासखर्च कुठून काढला असता? जिल्ह्यातल्या त्या पाच गुणवाल्या मुलाच्या वडिलांना माझं उशिरा सुचलेलं उत्तर हे आहे. 'उत्कृष्ट मुलगी'चा करंडक हे गुणांचं बक्षीस नाहीच. त्या हॉलमध्ये शंभरात पाचच मुली का, या प्रश्नावरचा तो इलाज आहे. मुलींना बोलावण्यासाठी दिलेलं भाडं म्हणा हवं तर.

शिवाय हॉलमधलं वातावरण. २०२४च्या जानेवारीत नेदरलँड्समधल्या टाटा स्टील स्पर्धेनंतर दिव्याने उघडपणे लिहिलं की, प्रेक्षक तिच्या खेळापेक्षा तिचे कपडे, केस आणि बोलण्याची ढब यांच्यावरच बोलत होते. अठरा वर्षांची होती तेव्हा ती. तिथे ती चॅलेंजर्स गटात, बहुतेक पुरुषांशी, खेळली होती. ज्या खोलीत समोरचा आणि बघणारा दोघेही आपल्याला खेळाडू म्हणून बघतात अशी एखादी खोली मुलीला हवी असेल, तर ती काढून घ्यायचा हक्क मला नाही.

किताबाची गोष्ट वेगळी. स्पर्धेत तुम्ही समोरच्याला हरवता. किताब हा मोजपट्टीवरचा आकडा आहे. बाईसाठी मीटर ऐंशी सेंटिमीटरचा करणं हा तिचा सन्मान नव्हे. आणि ज्युडिट पोल्गारसारखी बाईच जेव्हा हे किताब बंद करा म्हणते, तेव्हा ती सगळ्या रस्त्याने चालून आलेली आहे.

हे म्हणणं सोपं आहे, करताना काय होईल? मला सगळ्यात जास्त अडवणारा आक्षेप एका ओळखीच्या प्रशिक्षक बाईंनी घेतला. त्या म्हणाल्या, "तुमचं तत्त्व ठीक आहे, पण माझ्या मुलींना नोकरीचा अर्ज भरताना ते दोन शब्द लागतात." खेळाडू कोट्यातून नोकरी असो, स्पर्धेची माफ फी असो की आयोजकाने दिलेली राहण्याची सोय, 'महिला ग्रँडमास्टर' या शब्दांना बाजारभाव आहे. तो एका रात्रीत काढून घेतला तर नुकसान बीड-बुलढाण्याच्या मुलीचं होईल, बुडापेस्टच्या नाही. म्हणून मिळालेले किताब राहू द्यावेत, नवे देणं थांबवावं, आणि नोकरीच्या निकषांत महिला स्पर्धांमधली पदकं आणि प्रत्यक्ष मानांकन धरावं. पदक हे जिंकल्याचा पुरावा आहे; त्याला कुणी बुटकं म्हणू शकत नाही. बाईंना हे पूर्ण पटलं नाही. "आधी निकष बदला, मग किताब काढा," म्हणाल्या. क्रम त्यांचा बरोबर आहे, हे मी मान्य केलं.

एक छोटी गोष्ट तर उद्यापासून करता येईल, तिला ना फिडे लागते ना सरकार. २०२४च्या सप्टेंबरात बुडापेस्ट ऑलिंपियाडमध्ये भारताने दोन्ही सुवर्णं जिंकली. महिला संघाचे कर्णधार पुण्याचे अभिजित कुंटे होते आणि दिव्याने तिसऱ्या पटावर वैयक्तिक सुवर्णही मिळवलं. बहुतेक मराठी बातम्यांत मथळा होता, पुरुष आणि महिला संघ विजयी. ऑलिंपियाडमध्ये पुरुषांचा गट नावाचा प्रकारच नाही. गट आहे खुला. ज्युडिट त्याच गटात खेळायची. रोहिणी खाडिलकरचं प्रकरण १९७६मध्ये ज्या 'पुरुष' शब्दापायी उच्च न्यायालयात गेलं, तो शब्द आपण बातमी लिहिताना सहज पुन्हा पाटीवर लावतो. आठ वर्षांची मुलगी ती पाटी वाचते.

२०२५च्या नोव्हेंबरात खुला विश्वचषक गोव्यात भरला. २०६ खेळाडू, आणि त्यांत वाइल्ड कार्डवर दिव्या. पहिल्याच फेरीत एका ग्रीक ग्रँडमास्टरने तिला हरवलं. दुसऱ्या दिवशी समाजमाध्यमांवर तीच कुजबुज, आता मोठ्या आवाजात. त्याच फेरीत गाशा गुंडाळलेल्या पुरुषांची यादी लांबलचक होती. त्यांच्या हरण्यावरून कुणी पुरुषजातीबद्दल निष्कर्ष काढल्याचं मी वाचलं नाही.

मागच्या आठवड्यात भाचीच्या पुढच्या स्पर्धेसाठी आयोजकांना फोन केला. त्यांनी सांगितलं, यंदा मुलींचा गट वेगळा केलाय. खुल्या गटात नाव दिलं तर मुलींच्या बक्षिसावर हक्क राहणार नाही, दोन्हीपैकी एकच निवडा. एवढं सगळं लिहिणारा मी, फोनवर गप्पच झालो. विचारून सांगतो म्हणालो. भाचीला दोन्ही बाजू सांगितल्या, करंडकाची जरा जास्तच सांगितली असेन. तिने विचारलं, "मुलींच्या गटात किती आहेत?"

"आत्तापर्यंत नऊ."

"आणि खुल्यात?"

"एकशे चाळीस."

ती पट मांडत होती. वजीर जागेवर ठेवून म्हणाली, "मग एवढ्या जणांचं सात फेऱ्यांत होतं का?"